पहिल्या फैरीत पडणारा

धम्मपाल ओव्हाळ दर एप्रिलमध्ये मरायचा. पहिल्याच फैरीत, पालथा, तोंड गवतात घालून. बाकीच्यांना हवं तसं मरायची मुभा होती. एक सुतार आईला हाका मारत मरायचा आणि त्याला टाळ्या पडायच्या. धम्मपालला मात्र पालथंच पडायला सांगितलेलं होतं.

तो इंगोलश्टाटला मोटारींचे सुटे भाग बनवणाऱ्या एका कंपनीत गिअरबॉक्सच्या चाचण्या घेतो. मूळचा खडकीचा. वडील सुखदेव तिथल्या दारूगोळा कारखान्यातून निवृत्त झाले. लहानपणी दर एक जानेवारीला वडिलांचं बोट धरून तो भीमा कोरेगावच्या स्तंभाला जायचा. खापरपणजोबा कंपनी सरकारच्या पलटणीत हवालदार होते, असं घरात सांगतात. त्याला कागदाचा आधार नाही आणि ओव्हाळांनी तो कधी शोधलाही नाही. सुखदेव म्हणतात, "आपल्या माणसांची नावं लिहून ठेवायला कुणाला वेळ होता?"

जर्मनीत आल्यावर दुसऱ्या वर्षी धम्मपालने एका मैदानावर फिकट निळ्या कोटातली माणसं कवायत करताना पाहिली. डोक्याला कातडी टोप, टोपावर पुढून मागे गेलेला, सुरवंटासारखा केसाळ तुरा. अठराशे नऊ सालच्या बव्हेरियन पायदळाची एक कंपनी जिवंत ठेवणारं ते फेराइन होतं, म्हणजे हौशी लोकांची नोंदणीकृत संस्था. शिक्षक, सुतार, विमा एजंट, एक निवृत्त दंतवैद्य. दंतवैद्याचं नाव डिर्नबर्गर. तो कंपनीचा कप्तान होता. धम्मपालने सभासद होता येईल का विचारलं. डिर्नबर्गरने हस्तांदोलन करून जर्मनमध्ये "हो, हो, नक्की" म्हटलं, आणि ते मनापासून होतं.

त्या काळची लढाई समजून घ्यायची तर आधी बंदूक समजली पाहिजे. ठासणीची बंदूक शंभरेक पावलांच्या पुढे नेम धरून मारता येत नसे. एकट्या शिपायाच्या हातात ती जवळजवळ निरुपयोगी. म्हणून माणसं खांद्याला खांदा लावून तीन रांगांत उभी करायची आणि सगळ्यांनी एकदम बार काढायचा. नेम माणसाचा नसे, रांगेचा असे. कंपन्या मिळून पलटण आणि पलटणीचं सगळं बळ एका गोष्टीत: रांगेत भोक पडता कामा नये. समोरून गोळी आली, माणूस पडला, की शेजारच्याने सरकून ती जागा भरायची. पडलेल्याकडे बघायचं नाही. बघणं माणसाच्या स्वभावात असतं, म्हणून रांगेच्या मागे दोन पावलांवर हवालदार उभे केलेले. त्यांचं तोंड शत्रूकडे असे आणि डोळे आपल्याच माणसांच्या पाठींवर. जो मागे वळेल त्याला काठीने, नाहीतर भाल्याच्या दांड्याने पुढे लोटायचं, भोक बुजवून घ्यायचं. पुस्तकांत सेनापतींची नावं असतात. रांग टिकवली ती या मागच्या माणसांनी.

फेराइनच्या खेळात हवालदाराकडे आणखी एक काम असे. खोट्या लढाईत कोणी मरायचं हे कोणीतरी ठरवावं लागतं. काडतुसात फक्त दारू असते, गोळी नसते, त्यामुळे आपोआप कोणी मरत नाही. हवालदार मागून काठीच्या टोकाने खांद्याला स्पर्श करतो. स्पर्श झाला की पडायचं आणि शेवटचा बिगूल होईपर्यंत पडून राहायचं. बिगूल वाजला की मेलेले उठतात आणि दोरीपलीकडचे प्रेक्षक टाळ्या वाजवतात.

धम्मपालच्या खांद्याला काठी पहिली लागायची. पहिल्या वर्षी त्याला वाटलं, नवा आहे म्हणून. तिसऱ्या वर्षी त्याने तेव्हाच्या हवालदाराला विचारलं. तो म्हातारा टपाल कर्मचारी होता. त्याने सरळ सांगितलं, "फोटोग्राफर पहिल्या फैरीनंतर धूर विरला की फोटो काढतात. तेव्हा तू खाली असलेला बरा, असं कप्तान म्हणतो." आणि पालथा? "तोंड दिसत नाही."

पुढच्या रांगेत साठी ओलांडलेली, पोट सुटलेली माणसं होती. अठराशे नऊचा शिपाई विशीतला आणि अर्धपोटी असे. एकाच्या टोपाखाली श्रवणयंत्र होतं. त्यांच्यामुळे चित्र बिघडत नव्हतं.

धम्मपाल भांडला नाही. फेराइन सोडलंही नाही. बायको रोहिणी इंगोलश्टाटच्याच एका प्रयोगशाळेत संशोधक आहे. ती म्हणायची, "दर वर्षी नवे बूट घासून चकचकीत करतोस आणि पाच मिनिटांत मरतोस. घरीच झोप ना, गवत तरी लागणार नाही केसांत." तो हसायचा. सराव चुकवायचा नाही. दात लावून काडतूस फाडणं, दारू ओतणं, गज मारणं, चाप ओढणं, ही क्रिया त्याच्याइतकी सफाईने फार थोड्यांना येत होती.

सुखदेव पहिल्यांदा आले तेव्हा त्यांनी ही लढाई पाहिली. ढोल वाजला, रांग पुढे सरकली, बार निघाला, आणि त्यांचा मुलगा पालथा पडला. मग तासभर बाकीची लढाई त्याच्या अंगावरून झाली. घरी जेवताना सुखदेव म्हणाले, "पडायला इतक्या लांब यायची गरज नव्हती. खडकीत पण पडता आलं असतं."

"खेळ आहे, बाबा."

"खेळ आहे म्हणूनच म्हणतो. खेळात तरी उभं राहावं."

ते परत गेले. पण खडकीत त्यांनी सगळ्यांना सांगितलं की पोरगा जर्मन पलटणीत आहे. शेजाऱ्यांनी फोटो मागितला. सुखदेवांकडे उभ्या मुलाचा फोटो नव्हता.

मग टपालवाल्या हवालदाराच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं आणि जागा रिकामी झाली. कवायत पाठ असलेला दुसरा माणूस नव्हता. डिर्नबर्गरने थोडे दिवस विचार केला. हवालदार तीन रांगांच्या मागे उभा असतो आणि समोर धूर असतो, हेही त्याने विचारात घेतलं असावं. काठी धम्मपालच्या हातात आली. त्याने त्याच दिवशी खडकीला फोन केला. "बाबा, या एप्रिलला या. मी शेवटपर्यंत उभा असणार."

सुखदेव अठ्ठ्याहत्तरचे होते. एक गुडघा गेलेला, दुसरा जायच्या बेतात. हा प्रवास शेवटचा, हे ते स्वतःच सांगत होते. त्यांना मुलगा उभा पाहायचा होता आणि तसा फोटो घेऊन परत जायचं होतं. दुसरं काही नको होतं.

त्या हिवाळ्यात धम्मपालने एक चूक केली. आपल्याकडे पाहून फेराइनवाल्यांच्या डोळ्यांना खुपतं, कारण आपण एकटे आहोत, असा त्याचा हिशोब होता. दोघं झालो की सवय होईल. म्हणून त्याने उत्कर्ष दातारला आणलं.

उत्कर्ष पुण्याचा, उंटरश्लाइसहाइमला सॉफ्टवेअर कंपनीत. त्याची बायको देवश्री रोहिणीच्या ओळखीची. बोलका, गोरटेला, कुठेही गेला की पाच मिनिटांत नाव घेऊन हाका मारणारा माणूस. पहिल्या भेटीत त्याने विचारलं होतं, "ओव्हाळ म्हणजे कुठले?" धम्मपालने "खडकी" सांगितलं. उत्कर्षने "हां, हां" केलं आणि विषय बदलला. पुढे जे झालं ते त्या प्रश्नामुळे नाही, असं धम्मपाल सांगतो.

शनिवारी उत्कर्ष गाडी घेऊन यायचा. गॅरेजमध्ये धम्मपाल त्याला बंदूक भरायला शिकवायचा. उत्कर्षचा अंगठा दर वेळी बंदुकीच्या ठिणगी पाडणाऱ्या गारगोटीत सापडायचा. "आमच्या घराण्यात तोफा होत्या रे," तो अंगठा चोखत म्हणायचा, "हे बारीक काम आमचं नाही." कोट धम्मपालनेच त्याच्या मापाचा करून घेतला. टोपाचा तुरा रोहिणीने शिवला.

लढाईचं मैदान बीअरसाठी लागणाऱ्या हॉप वेलांच्या मुलखात, एका गावाबाहेर होतं. एप्रिलमध्ये वेल नसतात, नुसते उंच खांब आणि तारा. आदल्या दिवशी गारठलेला पाऊस पडून गवत चिकट झालेलं. पांढऱ्या कोटातले ऑस्ट्रियन सीमेपलीकडून बस करून आले होते. त्या वर्षी स्थानिक टीव्हीवाले येणार होते.

सकाळी तंबूबाहेर रोहिणीने पोहे काढले. सुखदेव घडीच्या खुर्चीवर, दोन स्वेटर घालून. उत्कर्षने वाकून नमस्कार केला आणि शेजारी बसला.

"काका, आमचे पूर्वज पेशव्यांच्या तोफखान्यावर होते, माहितीये?"

"असतील की," सुखदेव म्हणाले. "आमचे समोर होते."

देवश्री जरा उशिरा हसली. उत्कर्ष मात्र मोकळेपणाने हसला. "म्हणजे आज पहिल्यांदाच एका बाजूने."

"बघू," सुखदेव म्हणाले. "मीठ द्या जरा."

तेवढ्यात डिर्नबर्गरने धम्मपालला बाजूला बोलावलं. कॅमेरे कुठे असतील ते दाखवलं. मग आवाज खाली आणला. उत्कर्ष मेहनती आहे, त्याला कंपनीत ठेवायचंच आहे. पण पहिली रांग गुडघ्यावर बसते तेव्हा मागचे चेहरे स्पष्ट दिसतात.

"तिसऱ्या रांगेत टाकू," धम्मपाल म्हणाला.

"तरी दिसतो. आणि पाठीमागे तू. धामा, दोघं एका चित्रात म्हणजे लोक विचारतात. मला कोणाशी वैर नाही. नुसता चित्राचा प्रश्न आहे." त्याने धम्मपालच्या दंडावर हात ठेवला. "एकाने पहिल्या फैरीला पडायचं. कोणी, ते तू ठरव. काठी तुझ्याकडे आहे."

काठी आपल्याही खांद्याला लावता येते. हवालदार पडला तर कॉर्पोरल पुढे होतो, तशी पद्धत आहे. दोरीपलीकडे सुखदेव खुर्ची मांडून बसले होते. देवश्रीने त्यांना थर्मासमधला चहा दिला होता आणि व्हिडिओसाठी मोबाइल हातात तयार ठेवला होता.

धम्मपालने उत्कर्षला काही सांगितलं नाही.

ढोल सुरू झाला. कंपनी तीन रांगांत उभी राहिली, उत्कर्ष मधल्या रांगेत, डाव्या बाजूला. पुढच्या रांगेने गुडघे टेकले. धम्मपालने पाठी मोजल्या आणि अंतर तपासलं, कारण ते त्याचं काम होतं. ऑस्ट्रियनांनी आधी बार काढला. पांढऱ्या धुराची भिंत उठली. धम्मपाल दोन पावलं पुढे गेला आणि मागच्या रांगेच्या फटीतून काठी घालून उत्कर्षच्या खांद्याला लावली.

उत्कर्षने मान वळवली. "मी? अरे, एक पण बार काढला नाही मी."

"पड."

"देवश्री शूट करतेय रे. दुसऱ्या फैरीला पडतो ना, प्लीज."

"पुढे बघ. पड."

"बरं तर, हवालदारसाहेब," उत्कर्ष हसत म्हणाला, "एक बार तर…"

धूर विरत होता. धम्मपालने काठी उलटी धरली आणि जाड टोक त्याच्या गुडघ्याच्या लवणीत घातलं. जोरात. त्या काळच्या हवालदाराने मारलं असतं तेवढं. उत्कर्षचे दोन्ही गुडघे एकदम गेले. हातातली बंदूक पुढे अडकली आणि तो तोंडावर तिच्या चापावर आदळला. पालथा पडला. मग एका कुशीवर झाला आणि त्याच्या तोंडातून रक्त आलं. प्रेक्षकांना ते आवडलं. कोणीतरी शिट्टी वाजवली.

"उजवीकडे दाटून घ्या," धम्मपालने जर्मनमध्ये हुकूम दिला. रांग सरकली. भोक बुजलं. पुढचा हुकूम चालण्याचा होता. तिसऱ्या रांगेतला विमा एजंट उत्कर्षच्या अंगावरून जाताना घुटमळला, तसं धम्मपालने त्याला पाठीत हाताने लोटलं. शेवटी तो स्वतः गेला. उत्कर्षने हात लांब करून त्याच्या बुटावरचं कापडी गेटर धरलं, घोट्याच्या वर. क्षणभर धम्मपाल ताठ उभा राहिला, समोर बघत. मग पाय झटकून पुढे झाला.

लढाई ठरल्याप्रमाणे बव्हेरियनांनी जिंकली. कंपनीची रांग कुठेही फाटली नाही. इतकी घट्ट रांग फेराइनने पूर्वी कधी राखली नव्हती, असं डिर्नबर्गर नंतर सगळ्यांसमोर म्हणाला. बिगूल वाजला. मेलेले उठले. उत्कर्षही उठला, रुमाल तोंडाला लावून.

डिर्नबर्गरने त्याला तंबूत खुर्चीवर बसवलं, मान मागे करायला लावली आणि टॉर्चचा उजेड तोंडात पाडला. समोरचा एक दात मुळापासून हललेला होता, दुसऱ्याचा कोपरा उडाला होता. "हा नाही राहायचा," तो म्हणाला. चाळीस वर्षं त्याने हेच काम केलं होतं, त्यामुळे त्याचा आवाज अगदी निवांत होता.

धम्मपाल तंबूच्या दाराशी उभा होता. उत्कर्ष रुमालातून म्हणाला, "सकाळी सांगायचं ना."

"सांगितलं असतं तर पडला असतास?"

"पडलो असतो की. खेळ आहे ना, यार." त्याने रुमालाची घडी बदलली. "मला वाटलं तू मस्करी करतोयस."

देवश्री आत आली. तिने धम्मपालकडे पाहिलं नाही. नवऱ्याच्या अंगातला निळा कोट काढला, घडी न करता टेबलावर टाकला आणि त्याला गाडीकडे घेऊन गेली. तो कोट अजून ओव्हाळांच्या गॅरेजमध्ये आहे.

परतताना रोहिणी गाडी चालवत होती. सुखदेव मागे बसले होते.

"तुम्ही पाहिलंत, बाबा?" धम्मपालने विचारलं.

"पाहिलं."

"शेवटपर्यंत."

"हो. शेवटपर्यंत होतास." बराच रस्ता गेल्यावर सुखदेवांनी विचारलं, "त्याला मारायचं ठरलेलं होतं का?"

"पडायचं ठरलेलं होतं."

"कुणी ठरवलं?"

रोहिणी म्हणाली, "मी सांगते, बाबा. काठी कुणाच्या हातात होती?"

"तू गप बस," सुखदेव म्हणाले. आवाज चढवून नाही. घरी पोहोचल्यावर रोहिणी गाडीतून सर्वांत आधी उतरून आत गेली.

टीव्हीवर त्या लढाईची मिनिटभराची बातमी आली. तीत धूर होता, ढोलवाला होता आणि डिर्नबर्गर होता. धम्मपाल नव्हता. फेराइनच्या फोटोग्राफरने काढलेल्या फोटोंत त्याच्या टोपाचा तुरा दोनदा आला होता, इतरांच्या खांद्यांमागे.

तिसऱ्या दिवशी देवश्रीचा व्हिडिओ रोहिणीच्या फोनवर आला. सोबत एक शब्दही नव्हता. तिने तो सासऱ्यांसमोर आणि नवऱ्यासमोर लावला. सगळं स्पष्ट दिसत होतं, काठी उलटी धरताना सुद्धा. सुखदेवांनी चष्मा पुसला.

"पुन्हा लाव."

तिने लावला.

"थांब. इथे." रांग पुढे निघून गेलेली, धूर विरलेला, आणि पूर्ण मैदानात धम्मपाल एकटा ताठ उभा. चेहऱ्यावर ऊन. असा त्याचा फोटो आजवर कोणी काढलेला नव्हता. खाली त्याच्या पायाशी उत्कर्ष, हाताने गेटर धरलेला.

सुखदेव पडद्याजवळ वाकले. मग म्हणाले, "हाच दे. मोठा करून." त्यांनी पडद्याच्या खालच्या भागावर बोट ठेवलं. "हे तेवढं कापता येतं ना?"

"मी नाही कापणार," रोहिणी म्हणाली आणि फोन नवऱ्यापुढे टेबलावर ठेवला. "ज्याने पाडला त्याने कापावं."

धम्मपालने फोन घेतला. आधी त्याने पायांच्या वर रेघ धरली. उत्कर्षचा हात दिसत राहिला. मग गुडघ्यांवर धरली. तरी खांद्याचा निळा कोपरा येत होता, कारण उत्कर्ष उठायच्या प्रयत्नात होता. शेवटी त्याने कमरेच्या पट्ट्यावर कापलं. फोटो दुसऱ्या दिवशी छापून आणला. सुखदेवांनी तो स्वेटरमध्ये गुंडाळून बॅगेत नेला.

खडकीच्या घरात तो आता दर्शनी भिंतीवर आहे. येणारे जाणारे टोप बघतात, निळा कोट बघतात, काठीची मूठ बघतात. शेजारच्या मालिनीबाईंनी मध्ये एकदा कौतुकाने विचारलं, "छान आलाय हो. खुर्चीत बसून काढलाय का?"

"नाही," सुखदेव म्हणाले. "उभा आहे."